दारापाशी पुरलेलं रीळ

पडद्यावर हिरवे-तांबडे डाग उसळत होते, फुटत होते, पसरत होते. वुर्यानी खुर्चीच्या टोकावर बसली होती. आता आई दिसेल, आता दिसेल. एकदा डागांमागे खांदा हलल्यासारखा वाटला. मग पडदा पांढरा झाला आणि अंगणात टाळ्यांचा कडकडाट झाला.

योग्याकार्तातली सिनेमावाली पोरं तिच्या धाकट्या भावाला, बागसला, मिठ्या मारत होती. वुर्यानी गर्दीत घुसली आणि तिनं त्याचं मनगट धरलं.

"आई कुठंय?"

"हीच की, ताई! रीळ मी दारापाशी पुरलं. मी जन्मलो तेव्हा बाबांनी माझी वार पुरली होती ना, तिथंच. त्यांच्यासारखाच वर रोज दिवासुद्धा लावला. अख्खा पावसाळा ते मातीनं खाल्लं. विसरणं असंच दिसतं."

"आधी कॉपी काढलीस ना?"

"कॉपी असती तर मग काय मजा?"

वुर्यानीनं त्याचं मनगट सोडलं. बागसला जन्म देऊन आई गेली तेव्हा ती स्वतः जेमतेम तीन वर्षांची. आईचा चेहरा तिला आठवतच नव्हता. घरातले फोटो वाळवीनं फस्त केले होते. मामाच्या पेटीत सापडलेलं आईचं हे एवढं एकच रीळ, तेही तिनं आपण होऊन भावाच्या हवाली केलं होतं. 'मला एकदा आई दाखव,' एवढंच म्हणाली होती.

"केसानं गळा कापलास रे माझा. विचारायचं तरी!"

"विचारलं असतं तर तू हो म्हणाली असतीस?"

तेवढ्यात एका चष्मेवाल्या मुलीनं वुर्यानीचे हात हातात घेतले. तिचे डोळे भरून आले होते.

"ताई, तुमची आई दिसलीच नाही, आणि तरी दिसली हो!"

"तुला दिसली? नशीबवान आहेस बाई."

मुलगी ओशाळून बाजूला झाली. वुर्यानीला एकाएकी काहीतरी सुचलं.

"बागस, पुरण्याआधी तू ते पाहिलं असशील ना?"

"पाहिलं ना. घरच्या भिंतीवर. आई विहिरीपाशी केस विंचरत होती. मध्येच वळून हसली."

तिचा राग कुठल्या कुठे गेला. ती अंगणातल्या बल्बखाली सरकली, केस मागे सारले आणि चेहरा वर केला.

"मग नीट बघ आणि सांग. माझ्यासारखी होती का रे?"

बागसनं तिचं कपाळ पाहिलं, नाक पाहिलं, हनुवटी पाहिली. मग मान खाली घातली.

"लक्षच गेलं नाही, ताई. मी उजेड बघत होतो."