सातवं रीळ

सहावं रीळ संपलं, तंबूतला दिवा लागला आणि त्याबरोबर पन्नासेक बिड्याही पेटल्या. मशीनमागे उभे असलेले दौलतराव त्या मोजू लागले. औषधांच्या कारखान्यातली पहिली पाळी सुटून ही माणसं थेट पिंपरीच्या मैदानावर आली होती. दमलेल्या माणसाला लांबण खपत नाही, हे पंधरा वर्षं तंबूत सिनेमे दाखवणाऱ्या दौलतरावांइतकं कुणाला ठाऊक असणार?

फरक एवढाच, की आजवरचे चित्रपट दुसऱ्यांचे होते. हा त्यांचा स्वतःचा, निर्माता म्हणून पहिला. शुक्रवारी तो पुण्यात लागायचा होता. त्याआधी आपल्या माणसांपुढे चालवून बघू, म्हणून त्यांनी दुपारचा हा फुकट खेळ ठेवला होता.

आणि आता सातवं रीळ. त्यात नायकाची आई जात्यावर दळत बसते, बस्स. मारामारी नाही, गाणं नाही, नुसती घरघर. जातं मात्र खरं होतं, दौलतरावांच्या आईचं, देहूहून बैलगाडीत घालून स्टुडिओत नेलेलं. या रिळासाठी ते दिग्दर्शकाशी भांडले होते. खरं तर अख्खा चित्रपट त्यांनी या रिळासाठीच काढला होता. मुलाच्या तंबूत कधी पाऊल न टाकलेल्या सोजराबाई आज बायकांच्या बाजूला अगदी पुढे, पदर सावरून ताठ बसल्या होत्या. डोळ्याला डोळा लागू दिला नव्हता म्हातारीनं. आपलं जातं पडद्यावर कधी येतं, याचीच वाट बघत होती.

खाकरणं वाढलं. कुणीतरी शिट्टी घातली. ती कुणाची ते बघायला दौलतराव पुढे वाकले आणि त्यांनी आधाराला हात टेकला, तो नेमका मशीन चालवणाऱ्या वजीरच्या खांद्यावर.

खांद्यावर हात म्हणजे काय, हे वजीरला कधी विचारावं लागलं नव्हतं. लोक कंटाळले की मालक खांद्यावर थाप देत आणि वजीर पुढचं रीळ गाळून त्याच्या पुढचं चढवी. अशा थापांनी दोघांनी दुसऱ्यांची किती गाणी आणि किती मरणं गिळली होती! एका बोलपटात तर नायकाचं लग्न लागायच्या आधीच त्याचं पोरगं शाळेत गेलं होतं, आणि कुणी हूं की चूं केलं नव्हतं.

वजीरनं सातवा डबा बाजूला ठेवला आणि आठवं रीळ चढवलं.

पडद्यावर जात्याऐवजी कुस्तीचा फड दिसला तेव्हा दौलतराव वजीरकडे वळले. थांबव म्हणायला त्यांनी तोंड उघडलं. पण बिड्या विझल्या होत्या. माणसं पुढे सरकून बसली होती, नायकाच्या नावानं आरोळ्या ठोकत होती. दौलतरावांनी तोंड मिटलं.

खेळ सुटला. कारखान्यातले मुकादम हिंदुराव मुद्दाम मागे येऊन सांगून गेले, की राव, कुठं म्हणून रेंगाळत नाही, पुण्यातून वर्षभर हलायचा नाही हा.

"मालक, थाप तुमचीच हुती," वजीर सातवा डबा उचलून हळूच म्हणाला. "आता पुण्याच्या पेटीत सातवं घालू का नको?"

दौलतराव काही बोलायच्या आत कनातीला धरून सोजराबाई आल्या. चेहरा ओशाळलेला होता.

"झ्याक झाला रं तुझा शिनिमा," त्या म्हणाल्या. "पन जातं काय मला दिसलं न्हाई. डोळा लागला आसंल माझा."

वजीरनं मान खाली घातली. डबा त्याच्या हातातच होता.

"व्हय आये," दौलतराव म्हणाले. "म्या बघितलं. झोपली हुतीस."

वजीरनं पेटीला कडी घातली. सातवा डबा बाहेरच राहिला.