शंभर दिवस गावाबाहेर

देशाला वाट सापडेनाशी झाली की देश खेड्याकडे बघतो. हे थोर वाक्य सरपंच दिनानाथ यांनी नीराबाईंच्या पडवीत उभ्यानेच उच्चारलं, कारण बसा म्हणायची नीराबाईंना अजून इच्छा झाली नव्हती.

“आज कशाला बघतोय?” नीराबाईंनी विचारलं. त्या तांदूळ पाखडत होत्या.

सरपंचांनी हातातला फॉर्म पुढे केला. टीव्हीवर एक नवा खेळ येणार होता. बारा अनोळखी माणसं शंभर दिवस एका घरात कोंडायची. फोन नाही, पेपर नाही, भेटीगाठी नाहीत. ती भांडतील आणि देश बघेल. त्यात एका जागेवर ‘ग्रामीण भागातील स्पष्टवक्ती महिला’ हवी होती, आणि अर्जाचा आज शेवटचा दिवस होता.

“काकी, तुमच्यापेक्षा स्पष्ट कोण हाय? तळ्यापासून माणगावापर्यंत कोनालाही विचारा.”

“तू विचारलंस?”

“विचारायला कशाला लागतंय? न विचारता सांगतात.”

फॉर्म भरलेला होता. नाव, वय, स्वभाव, सगळं सुवाच्य अक्षरात. एक रकाना आणि सही तेवढी राहिली होती. सरपंचांच्या मागून ग्रामसेवक जीवन पुढे आले आणि त्यांनी फाइलीतून नीराबाईंचा रहिवासी दाखला काढला. शिक्का अजून ओला होता. या दाखल्यासाठी नीराबाईंनी दोन वर्षं खेपा घातल्या होत्या. कधी शिक्का नसायचा, कधी शाई नसायची, आणि दोन्ही असली की जीवन नसायचे.

“शाई मिळाली वाटतं,” नीराबाई म्हणाल्या.

“मिळाली, मावशी,” जीवन आपल्या चपलांकडे बघत म्हणाले.

सून किशोरी न सांगता चहा घेऊन आली. “जावा की, आई. टीव्हीवर दिसायला कवा मिळतंय? गुरांचं मी बघते.”

किशोरी याआधी गुरांजवळ कधी गेली होती, ते नीराबाईंना आठवेना. त्यांनी सुनेलाही एकदा वरपासून खालपर्यंत न्याहाळून घेतलं. संशय घरात शिरला की नातं विचारत बसत नाही.

“मुंबईला जायचं कसं?”

“गावाची गाडी हाय ना.”

“गावाला गाडी हाय?”

“माझी हाय. म्हंजे गावाचीच.”

“आनी दोन दिवसांत मला काढलं तर?”

“तुम्हाला कोन काढतोय, काकी! शंभर दिवस पुरे झाल्याबिगर सुटका न्हाय.” सरपंच खळखळून हसले आणि मध्येच थांबले. “म्हंजे, आमचा विश्वास हाय तुमच्यावर.”

नीराबाईंनी सूप खाली ठेवलं. “शंभर दिवस कवापासून?”

सरपंचांनी जीवनकडे पाहिलं. जीवननी फॉर्मकडे पाहिलं. फॉर्म एव्हाना किशोरीने कौतुकाने हातात घेतला होता, आणि तिला यातलं काहीच ठाऊक नसल्यामुळे तिने वाचून टाकलं, “पंचवीस सप्टेंबर.”

“म्हंजे दोन ऑक्टोबरला मी आत.”

“हो, आतच की,” सरपंच म्हणाले.

“आनी ग्रामसभा बाहेर.”

दोन ऑक्टोबरच्या ग्रामसभेपुढे मोठा विषय एकच होता. गावचं गुरचरण मुंबईच्या कुणा रिसॉर्टवाल्याला द्यायला गावाची हरकत आहे की नाही? हरकत एकट्या नीराबाईंचीच होती. पंधरा ऑगस्टला त्यांनी अडीच तास उभं राहून तो विषय पुढे ढकलायला लावला होता. त्या गुरचरणावर त्यांची चार गुरं चरत आणि इतरांची साठ. पण साठांचे मालक सभेत मान खाली घालून बसत.

“तुमचा गैरसमज होतोय, काकी. ह्यो निव्वळ योगायोग.”

“तुझा बापूस पण असाच योगायोगानं बांध सरकवायचा, दिना.” नीराबाईंनी हात पुढे केला. “पेन दे.”

सरपंचांनी पेन इतक्या चपळाईने काढलं की त्याचं टोपण अंगणात जाऊन पडलं.

“किशोरे, त्या रिकाम्या रकान्यात काय विचारलंय?”

“घरात गेल्यावर कोणत्या विषयावर बोलायला आवडेल?”

नीराबाईंनी चष्मा लावला आणि एकेक अक्षर गिरवत लिहिलं, ‘गुरचरण’. मग मान वर केली. “अख्खा देश बघतो म्हंतोस ना? शंभर दिवस हायत. रोज थोडं थोडं सांगेन. तुझं नाव कसं लिवायचं, दिनानाथ का दिनानाथराव?”

सरपंचांना एकाएकी आठवलं की काकींना ब्लडप्रेशर आहे. कोंडलेल्या घरात वारा नसतो, तिथलं जेवणही तेलकट असतं म्हणे. बोलता बोलता त्यांनी फॉर्म अलगद काढून घेतला, चार घड्या केल्या आणि खिशात घातला. “तब्येत पयली, काकी. देश काय, थांबेल.”

गावाची गाडी भुर्रकन निघून गेली. जीवन मात्र मोटरसायकलपाशी रेंगाळले. किल्ली लावली, काढली, पुन्हा लावली. गाडीचा आवाज पार विरल्यावर ते पडवीच्या पायरीशी परत आले.

“मावशी, ब्याऐंशी सालचा एक ठराव आहे. गुरचरण गुरांसाठीच ठेवायचं, असा. त्याची नक्कल तुमच्याकडे आहे म्हणतात.”

“हाय. का?”

जीवननी एकदा रस्त्याकडे पाहून घेतलं.

“एक झेरॉक्स द्याल? आमच्या दफ्तरातली मूळ प्रत सापडत नाहीये.”