विसावं वर्तुळ

शाळेसमोरच्या भरधाव वाहतुकीच्या रस्त्यालगत भिंत बांधून मिळावी म्हणून बाई तीन वर्षं सरकारी कचेरीत खेटे घालत होत्या. निधीसाठी अट एकच होती, किमान वीस मुलं. बाईंच्या शाळेत मोजून वीस होती.

एकदाचे साहेब पाहणीला आले. बाईंनी रोजच्या सवयीने अंगणात खडूने वीस वर्तुळं काढली आणि मुलं आपापल्या ठरलेल्या जागी उभी राहिली. मधलं एक वर्तुळ रिकामंच राहिलं.

साहेबांनी पेनाच्या टोकाने एकेक डोकं मोजलं. मग उलट बाजूने पुन्हा मोजलं.

"बाई, एकोणीसच भरतात."

"अर्ज केला तेव्हा वीस होती, साहेब."

"असतील हो. पण तुम्हाला सूट दिली, तर बाकीच्या शाळांवर अन्याय नाही का? नियम सगळ्यांना सारखा." साहेबांनी फाईल मिटली. "एका मुलासाठी अडलं बघा. आज तरी सगळ्यांना हजर ठेवायचं होतं!"

बाई त्या रिकाम्या वर्तुळाकडे बघत राहिल्या.


"गेल्या महिन्यात चेंडू रस्त्यावर गेला होता, साहेब. तो आणायला या वर्तुळातली मुलगी धावली."