हं म्हणणारं माणूस

"शेवटचं प्रकरण मी वाचणार नाही," मुद्रितशोधक म्हणाला आणि त्याने चष्मा काढून खिशात ठेवला. चष्मा खिशात गेला की त्याच्याशी बोलण्यात अर्थ नसतो, हे छापखान्यात सगळ्यांना ठाऊक होतं. लेखकाच्या मुलीला ठाऊक नव्हतं. ती समोर बसून राहिली.

"का पण?"

"पंखा बघा."

तिने वर पाहिलं. दिवा चालू होता, पंखा बंद.

"पान एकशे बारा. तुमच्या वडिलांनी उदाहरण दिलंय, 'पंखा थांबला.' मी वाचलं, जोडीदार हं म्हणाला, थांबला. वायरमन दोनदा येऊन गेला. म्हणतो, पंख्यात काही दोष नाही, फक्त फिरत नाही."

छापखान्याची रीत जुनी होती. एकाने छापलेलं पान मोठ्याने वाचायचं. दुसऱ्याने हस्तलिखितावर बोट ठेवून ऐकायचं आणि प्रत्येक वाक्याला हं म्हणायचं. हं आल्याशिवाय पुढे सरकायचं नाही. वडिलांचा सिद्धान्तही तेवढाच होता, फक्त तो मांडायला त्यांना चारशे पानं लागली होती. विधान मोठ्याने उच्चारलं आणि ऐकणाऱ्याने ते मनापासून मान्य केलं, की ते घडतं. जगात फारसं काही घडत नाही, कारण ऐकणारे मनापासून हं म्हणत नाहीत. विद्वानांच्या मंडळाने ग्रंथ तीनदा परत पाठवला होता. तिसऱ्यांदा 'करमणूक झाली' असा शेरा मारून.

"आणि तुमचे जोडीदार कुठे आहेत?"

"घरी. पान दोनशे चाळीस, 'श्रोत्याला उचकी लागली.' परवापासून पाणी पितोय बिचारा. बावीस वर्षं मनापासून हं म्हणत आलाय तो. घरीसुद्धा. म्हणून तर संसार सुरळीत चाललाय त्याचा." शोधकाने सुस्कारा सोडला. "उदाहरणंच द्यायची होती, तर 'शोधकाची पाठ दुखायची राहिली' असं एखादं द्यायचं होतं त्यांनी."

"घरात दिसायचं तेच लिहायचे ते. 'मुलीने दार आपटले' हेसुद्धा असेल."

"आहे. पान साठ. मालकांची मुलगी आली होती त्या दिवशी. बिजागरी बदलावी लागली."

तिला हसू आलं. वडील गेल्यापासून पहिल्यांदाच, त्यामुळे ते जरा वाकडंतिकडं आलं.

शोधक मऊ झाला. "असं करू, ताई. ते प्रकरण गाळू. अडीच पानांचं तर आहे. मशीन चार वाजता मोकळं होतंय. आज ग्रंथ चढला तर चढला, नाहीतर शाळेची पुस्तकं लागतील. मग सहा महिने विसरा."

"गाळायचं नाही. तीनदा परत आलाय, पण प्रत्येक वेळी पूर्ण होता. अर्धवट मी छापू देणार नाही." तिने हस्तलिखित पुढ्यात ओढलं. "जोडीदार नाहीत तर मी धरते. वाचा."

"तुम्ही त्यांची मुलगी. तुम्ही मनापासून म्हणाल, हाच तर धोका आहे."

"पस्तीस वर्षांत मी त्यांच्या एकाही वाक्याला हं म्हटलेलं नाही. खुशाल वाचा."

हे मात्र शोधकाला पटलं. त्याने खिशातून चष्मा काढून पुसला, नाकावर चढवला आणि घसा खाकरला.

दोन पानं सुखरूप गेली. दिवा गेला नाही, कुणाला शिंक आली नाही. तिचं हं कोरडं होतं, टपाल घेतल्याची सही करावी तसं.

"'काही विधाने रोज उच्चारली जाऊनही घडत नाहीत,'" शोधक वाचत होता. "'दोष विधानाचा नसून श्रोत्यांचा असतो.'"

"हं."

"'पुढील विधान प्रस्तुत लेखकाने आपल्या अभ्यासिकेतून रोज रात्री आठ वाजता, सुमारे अकरा हजार वेळा उच्चारले.'"

"हं."

"'पत्नीने दर वेळी "बघू" असे उत्तर दिले. कन्येने वाट न पाहता जेवायला सुरुवात केली. त्यामुळे हे विधान अद्याप असिद्ध आहे.'"

तिचं बोट 'कन्येने' या शब्दावर थांबलं. मग म्हणाली, "हं. बरोबर आहे."

तिने बोट खालच्या ओळीवर नेलं. तिथे अक्षर बारीक आणि तिरपं झालं होतं, इस्पितळातलं असावं. शोधकाने पुढचं वाक्य आधी मनात वाचलं. मोठ्याने वाचण्याआधी मनात वाचायचं नाही, हा नियम इतक्या वर्षांत त्याने कधी मोडला नव्हता. मग आवाज उतरवून त्याने ते मोठ्याने वाचलं.

"'आलोच, तुम्ही बसा.'"

शेजारच्या खोलीत मशीन थांबलं. चार वाजले होते. शोधकाने चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं, पुन्हा पानाकडे पाहिलं. एका हं साठी इतका वेळ तो आजवर कधी थांबला नव्हता.

"हं," ती म्हणाली.

त्याने समासात बरोबरची खूण केली. "पुढे?"

"पुढे नाही. एवढंच आहे."

शोधकाने पानं जुळवून बाजूला ठेवली. मग तो उठला. भिंतीजवळच्या तिसऱ्या खुर्चीवर जुन्या मुद्रितांचा ढीग होता. तो त्याने दोन्ही हातांनी उचलून जमिनीवर ठेवला, बाहीने बैठक पुसली आणि खुर्ची टेबलाकडे वळवून ठेवली.