वीस फुटांवरचा चहा

‘वीजमानव’ मालिकेत नायक झालेल्या शार्दूलला नायिका मृण्मयी मनापासून आवडायची, पण तिच्यासमोर त्याची वाचाच बसायची. मुखवट्यातली उड्डाणं स्टंटमन भिकाजी करायचा आणि मृण्मयी दिवसभर त्याच्याशीच खिदळायची. शार्दूलचा नुसता जळफळाट व्हायचा.

शेवटी एकदा भिकाजीला परस्पर सुट्टी देऊन शार्दूलनेच मुखवटा चढवला. क्रेनने त्याला वीस फूट उचललं आणि ती तिथेच बंद पडली.

“भिकाजीदादा, बरे आहात ना?” खालून मृण्मयीने विचारलं.

‘दादा’ ऐकून शार्दूलला धीर आला. आवाज घोगरा करून तो म्हणाला, “हो मॅडम. शार्दूल सर कसे वाटतात तुम्हाला?”

“गोड आहेत हो, पण भित्रे! साधं चहालाही विचारत नाहीत.”

शार्दूलने मुखवटा ओरबाडून काढला. “मग येतेस का चहाला?”

मृण्मयी आधी किंचाळली, मग हसत सुटली. “आत्ता?”

“मेकॅनिक यायला तास आहे. मी कुठं पळून जातोय?”

शिडी आली, पण त्याला उतरवायचं कुणाच्याच डोक्यात आलं नाही. थर्मास खांद्याला अडकवून मृण्मयीच वर चढली.