अकरा दिवस

बायकोशी बोलायला बसला की मुलाच्या तोंडाला खळ नाही, आणि आईसमोर आला की तोंडात मिठाची गुळणी! मग आईनंही बोलणं टाकलं. काही सांगायचंच झालं तर ती सुनेकरवी सांगे, "त्याला म्हणावं, चहा निवतोय."

मुलगा शब्दकोश तयार करणारा. गेले काही दिवस नवराबायको टेबलाशी एकाच इंग्रजी शब्दावर अडून बसली होती. 'ऑब्म्यूटेसन्स' की कायसा. म्हणे गप्प राहणं, पण मुद्दाम, हट्टानं. त्याला मराठीत 'शांतता' चालेना, 'मौन' चालेना. सून काहीबाही सुचवायची आणि हा मान डोलवायचा. ओट्याशी शेंगा सोलता सोलता आईच्या हाताला जोर चढायचा. गप्प बसण्यावर एवढी बडबड! आणि आपल्याला मेलं कुणी एका अक्षरानं विचारत नाही.

आज मुलगा एकदम ओरडला, "सापडला एकदाचा!"

आईला राहवेना. "त्याला म्हणावं, काय घबाड सापडलं एवढं?"

सुनेनं भीत भीत कागद वाचला. "अर्थ: अबोला. वापर: आईने मुलाशी आठवडाभर धरलेला अबोला."



आईनं शेंगांचं ताट बाजूला सारलं आणि थेट मुलाकडे वळली. "आठवडा नाही, अकरा दिवस! आणि अबोल्याचा अर्थ तिला रे काय विचारतोस? तिला एक दिवस तरी जमलाय का कधी? घरात एवढं जाणतं माणूस बसलंय, मला विचारायचंस!"