गोकुळ गप्प बसला त्या दिवशी

“गाडी गल्लीतून निघाल्यापासून परत गल्लीत येईपर्यंत. एक शब्द जरी निघाला, तर तू हरलास,” मुबारकनं बजावलं.

“हरलो तर?”

“क्रांती चौकात, चहाच्या टपरीसमोर, कान धरून एक्कावन्न उठाबशा. पूरी गल्ली गिनेगी.”

“आन् जिंकलो तर तू काढायच्या,” गोकुळ म्हणाला. मुबारकच्या हातावर टाळी दिली, तोंडावर बोट ठेवलं आणि गाडीत चढून बसला.

अजिंठ्याच्या सहलीला निघालेल्या गाडीत हशा पिकला. गोकुळ आणि गप्प! बावन्न वर्षांचा हा कूलर दुरुस्तीवाला म्हणजे गल्लीच्या मागं लागलेली पीडा होती. शेजारच्या मुबारकला यानं तीनदा सांगितलं होतं, ‘तुझी रिक्षा पोलिसांनी उचलली.’ तिन्ही वेळा तो भरल्या ताटावरून पळाला. चौथ्यांदा खरंच उचलली, तेव्हा मुबारक निवांत जेवत बसला होता. गेल्या साली म्हैसमाळला ‘बिबट्या!’ म्हणून ओरडला. बाया डबे टाकून गाडीकडं पळाल्या आणि यानं सगळ्यांची भरली वांगी एकट्यानं चाखली. तेव्हापासून गोकुळ ओरडला की कोणी मान वळवत नसे. बायको मंजुषा तर हातातलं कामही थांबवत नसे.

पण एक होतं. गोकुळ जन्मात कधी पैज हरला नव्हता.

फुलंब्रीला चहाला थांबले. मुबारकनं त्याच्या कपात चमचाभर मीठ ढवळलं. गोकुळनं एका दमात कप रिकामा केला आणि अंगठा वर केला. सिल्लोडच्या पुढं मुबारक हळूच म्हणाला, “गोकुळ, तुझ्या दुकानाचं शटर उघडंच दिसलं रे सकाळी.” गोकुळला दरदरून घाम फुटला. शब्द फुटला नाही.

अजिंठ्याला गाईड अभयनं सगळ्यांना शेवटच्या मोठ्या लेणीत नेलं. आडव्या पहुडलेल्या बुद्धांपुढं सगळे आपोआप गप्प झाले. “इथं आवाज जरा खालीच ठेवा,” अभय म्हणाला. “बाहेर वर कातळाला आग्या मोहोळं आहेत.”

गल्लीतल्या म्हाताऱ्या लक्ष्मीबाईंनी हात जोडले. मग गोकुळकडं वळून म्हणाल्या, “आज कुठं माणसात आल्यासारखा दिसतूस रे बाबा.”

गोकुळनं त्यांनाही वाकून नमस्कार केला.

बाहेर आल्यावर मंजुषाचा गुडघा बोलायला लागला. ती लक्ष्मीबाईंना घेऊन दारालगतच्या कठड्यावर टेकली. पिशवीतून बामची डबी काढली आणि खाली मान घालून गुडघा चोळू लागली. बाकीचे फोटो काढण्यात गुंतले. गोकुळ दहा पावलं पुढं गेला होता. सहज मागं वळला.

मंजुषाच्या डोक्यावर, कातळाच्या कडेखाली, सुपाएवढं मोहोळ लटकलं होतं. त्याच क्षणी वरून एका वानरानं उडी टाकली. दगड सुटला. अर्धं पोळं तुटून दरीत गेलं. उरलेलं अर्धं उतू जाणाऱ्या दुधासारखं फुगलं.

मुबारक त्याच्याकडंच बघत होता. त्यानं डोळा मारला.

“मंजू! मोहोळ उठलं! आत पळा!”

मंजुषानं वर बघितलंसुद्धा नाही. लक्ष्मीबाईंचा दंड धरला आणि एक चप्पल तिथंच टाकून लेणीत पळाली. तिच्यामागं बाया, मुबारक, झाडून सगळे. गोकुळ सगळ्यात शेवटी आत आला. अभयनं जाळीचं दार ओढून घेतलं.

“हरला!” मुबारकनं टाळी वाजवली. “गोकुळ हरला रे!”

कोणी हसलं नाही. बघता बघता जाळी माश्यांनी काळी पडली होती. तिच्या एका फटीतून कठडा दिसत होता. त्यावर मंजुषाची पिवळी पिशवी राहिली होती. आधी तिचे बंद दिसेनासे झाले. मग पिवळा रंग गेला. मग पिशवीच दिसेना.

मुबारकचे हात टाळी वाजवता वाजवता तसेच राहिले.

तासाभरानं बाहेर पडता आलं. गोकुळला नऊ ठिकाणी डंख होते. ओठ वडापावाएवढा. वाटेतल्या दवाखान्यात दोन इंजेक्शनं झाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी क्रांती चौकात सगळी गल्ली जमली. मुबारकच काकुळतीला आला. “जाने दे यार. तूने जान बचाई. कसली पैज आन् कसलं काय!”

“पैज म्हंजी पैज,” गोकुळ सुजल्या ओठातून म्हणाला. सुजलेले कान धरले आणि सुरू झाला. गल्ली मोजू लागली. रिक्षावाले थांबून बघू लागले. गोकुळ लई खूश होता. हरून एवढी इज्जत मिळते, हे त्याला बावन्न वर्षांत कोणी सांगितलं नव्हतं.

मंजुषा पाण्याची बाटली घेऊन शेजारी उभी होती. छत्तिसाव्या उठाबशीला तो दम घ्यायला खाली टेकला आणि हळूच म्हणाला, “काय पळालीस काल! वर बघितलंसुद्धा नाय. एवढा भरवसा नवऱ्यावर?”

“तुमच्यावर नाय,” मंजुषा तेवढ्याच हळू म्हणाली. “पैजेवर. मरून जाल, पण पैज सोडायचे नाय तुम्ही. ती सोडून बोललात, म्हंजी काहीतरी खरंच होतं.”

गोकुळ हसला. हसता हसता थांबला.

“आन् पैज नसती तर?”

मंजुषाला विचार करावा लागला नाही.

“तर बसले असते की तिथंच.”

“सदतीस!” गल्ली ओरडली.

गोकुळ उठेना. कान हातात, डोळे सताड उघडे. मग डोळ्यांतून पाणी गळायला लागलं.

“बघा, बघा, काय सोंग काढलंय गड्यानं!” कोणीतरी ओरडलं, आणि अख्खा चौक पोट धरून हसायला लागला.